जर्मनीच्या स्लॅलम कयाकपटू (वेगवान प्रवाहावर टांगलेल्या दांड्यांच्या फाटकांमधून छोटी होडी वल्हवत नेणाऱ्या खेळाडू) एलिझाबेथ मिशेलर यांची कारकीर्द कशी होती?
आउग्सबुर्ग येथे जन्मलेल्या मिशेलर यांची कारकीर्द १९९१ आणि १९९२ या दोन वर्षांत कळसाला पोहोचली. १९९१ साली स्लोव्हेनियातील ल्युब्लियानाजवळील तात्सेन येथे त्या महिलांच्या एकेरी कयाकमध्ये जगज्जेत्या झाल्या आणि पुढच्याच वर्षी बार्सिलोना ऑलिंपिकमध्ये त्यांनी सुवर्णपदक पटकावले. त्यांच्याच शहरातील आइसकनाल या कृत्रिम प्रवाहावर १९७२ साली स्लॅलमचे ऑलिंपिक पदार्पण झाले होते; त्यानंतर हा खेळ थेट बार्सिलोनात परतला, म्हणून या पदकाचे मोल मला विशेष वाटते. शिवाय त्या काळी फाटकाच्या दांडीला वल्हे नुसते निसटते लागले, तरी वेळेत तब्बल ५ सेकंदांची भर पडत असे. आज हा दंड २ सेकंदांचा आहे.