सभासदत्व संपलं, गेमला कुलूप लागलं. आता हक्क कशावर?

प्रश्न : माझा मुलगा सोळा वर्षांचा आहे. एका परदेशी कंपनीच्या गेमिंग सेवेची वार्षिक मेंबरशिप आम्ही तीन वर्षं माझ्या क्रेडिट कार्डावरून भरत होतो. दर महिन्याला मिळणारे गेम तो आपल्या लायब्ररीत जमा करायचा. प्रत्येक वेळी ‘खरेदीबद्दल धन्यवाद’ अशी ई-मेल यायची, रक्कम शून्य. याशिवाय तीन गेम आम्ही मेंबरांसाठीच्या सवलतीत विकत घेतले, सुमारे ₹७,०००. मेंबरशिपमधून मिळालेल्या दोन गेमसाठी सीझन पास आणि ॲड-ऑन, म्हणजे मूळ गेमला जोडायचे जादा भागही घेतले, सुमारे ₹४,५००. मार्चमध्ये बँकेनं कार्ड बदलून दिलं, नूतनीकरणाचे पैसे कापले गेले नाहीत, आणि मुलगा म्हणतो सगळ्यावर कुलपाचं चिन्ह आलं. कस्टमर केअरचं एकच उत्तर : पुन्हा मेंबरशिप घ्या. मुलाच्या मते अमेरिकेत याविरुद्ध कायदा झाला आहे. गावातला एक दुकानदार दोन हजारांत कन्सोल, म्हणजे गेम खेळायचं यंत्र, ‘खोलून’ (कुलूप तोडून) देतो म्हणतो. आम्ही ग्राहक न्यायालयात जाऊ शकतो का? (एक वाचक, इचलकरंजी)

उत्तर : ताई, आधी एक गोष्ट तपासा. कुलूप खरोखरच सगळ्या गेमवर आहे का? तुमच्या खात्यात तीन प्रकारचे व्यवहार आहेत आणि तिन्हींचं कायदेशीर उत्तर वेगळं आहे. पडद्यावर मात्र सगळे गेम एकाच रांगेत, एकाच आकाराच्या चौकटीत दिसतात, म्हणून घरोघरी हा घोळ होतो. मुलाला खात्यातला व्यवहारांचा इतिहास उघडायला सांगा आणि शेजारी बसून एकेक ओळ वाचा. ज्या ओळीपुढे शून्य आहे तो मेंबरशिपचा गेम. जिच्यापुढे रक्कम आहे तो तुमच्या पैशाचा व्यवहार; त्यात पुन्हा दोन प्रकार, विकत घेतलेले गेम आणि सीझन पास-ॲड-ऑन. ही संपूर्ण यादी तारखांसकट छापून ठेवा. पुढे सगळं याच कागदावर उभं राहणार आहे.

शून्यवाल्या गेमबद्दल तुम्हाला बरं वाटेल असं उत्तर माझ्याकडे नाही. प्लेस्टेशन प्लसचे महिन्याचे गेम असोत की एक्सबॉक्स गेम पासचा संग्रह, अटींमध्ये हे स्पष्ट लिहिलेलं असतं की गेम खेळण्याची परवानगी मेंबरशिप चालू असेपर्यंतच. प्लेस्टेशन प्लसमध्ये एक फरक आहे. महिन्याचा गेम एकदा लायब्ररीत घेतला की पुढे कधीही त्याच खात्यावर मेंबरशिप चालू केली तर तो परत उघडतो. वरच्या श्रेणीच्या मेंबरशिपमधल्या कॅटलॉगचे, म्हणजे खेळायला खुल्या असलेल्या संग्रहातले गेम मात्र कॅटलॉगमधून काढले गेले की मेंबरशिप चालू असूनही जातात. गेम पासचंही तसंच. आता ‘खरेदीबद्दल धन्यवाद’वाल्या त्या ई-मेल. त्या जपून ठेवा, पण त्यांच्यावर फार भिस्त ठेवू नका. कंपनीनं भाषा सैल वापरली एवढं त्यातून दिसतं; शून्य रुपयांच्या पावतीवरून मालकी सिद्ध होत नाही. ग्राहक आयोग (ज्याला आपण ग्राहक न्यायालय म्हणतो) मेंबरशिपच्या अटी बघेल आणि तीन वर्षं तुम्ही जे पैसे भरले त्याबदल्यात तीन वर्षं खेळायला मिळालं, असं म्हणेल. मला ते चुकीचं वाटणार नाही.

काही वकील इथे ग्राहक संरक्षण कायदा, २०१९ मधल्या ‘अनुचित करारा’चा, म्हणजे कलम २(४६) चा आधार घ्या म्हणतील. ग्राहकावर अवाजवी अट लादणारा करार त्यात बसतो हे खरं. पण वर्गणी थांबली की सेवा थांबते, ही अट अवाजवी आहे हे पटवणं कठीण आहे. शिवाय अनुचित कराराची तक्रार जिल्हा आयोगापुढे चालत नाही, थेट राज्य आयोगाकडे जावं लागतं. तुमच्या रकमेसाठी तो खटाटोप मी सुचवणार नाही. ग्राहकाला चकवणाऱ्या ऑनलाइन क्लृप्त्यांबद्दलच्या २०२३ च्या ‘डार्क पॅटर्न’ मार्गदर्शक तत्त्वांत ‘सबस्क्रिप्शन ट्रॅप’ हा प्रकार आहे, पण तो मेंबरशिप रद्द करणं मुद्दाम अवघड केलं जातं त्याबद्दलचा. तुमची तर आपोआप बंद पडली.

सवलतीत घेतलेल्या तीन गेमची गोष्ट अगदी वेगळी. सवलत मेंबर म्हणून मिळाली असली तरी पैसे गेमचे दिले आहेत, मेंबरशिप संपल्यानं ते गेम जाता कामा नयेत. दोन्ही मोठ्या सेवांमध्ये नियम हाच आहे. या तिघांवरही कुलूप दिसत असेल तर बहुधा तांत्रिक घोळ असेल. प्लेस्टेशनच्या सेटिंग्जमध्ये लायसन्स पूर्ववत करण्याचा पर्याय असतो, तो वापरून बघा. एखादा गेम आधी मेंबरशिपमधून घेतला आणि नंतर त्याचीच दुसरी आवृत्ती विकत घेतली, असं झालं आहे का तेही बघा. (ऑनलाइन दुसऱ्यांशी खेळायला कन्सोलवर बहुतेक सशुल्क गेमसाठी मेंबरशिप लागते, तेवढ्यापुरती अडचण आली तर ती त्रुटी नव्हे.) एवढं करून कुलूप निघालं नाही, तर ही सरळ सेवेतली त्रुटी आहे आणि ₹७,००० साठी तुमची बाजू भक्कम आहे.

मुलगा ज्या अमेरिकन कायद्याबद्दल बोलतोय तो कॅलिफोर्निया राज्याचा आहे, १ जानेवारी २०२५ पासून लागू झालेला. डिजिटल वस्तू ‘विकत घ्या’ म्हणून विकायची असेल तर तुम्हाला फक्त परवाना मिळतोय हे विक्रेत्यानं ठळकपणे सांगितलं पाहिजे, असं तो म्हणतो. पण वर्गणी भरून तेवढ्या मुदतीपुरत्या मिळणाऱ्या सेवा त्यातून वगळल्या आहेत, आणि इचलकरंजीच्या ग्राहकाला तो तसाही लागू नाही. तरी त्याची काळजी अनाठायी नाही, हे त्याला जरूर सांगा. युबिसॉफ्ट या गेम कंपनीनं ‘द क्रू’ या गेमचे सर्व्हर ३१ मार्च २०२४ ला बंद केले, तेव्हा पूर्ण किंमत मोजून घेतलेला गेमही लोकांना खेळता येईना. त्यावर कॅलिफोर्नियात दावा दाखल झाला आणि युरोपात अशा बंदीविरुद्धच्या नागरिक-याचिकेनं दहा लाख सह्यांचा टप्पा ओलांडला. भारतात यासाठी वेगळा कायदा नाही, आहे तो ग्राहक कायदाच वापरावा लागतो.

आता ते ₹४,५००. तुमच्या पत्रातला खरा तंटा मला इथे दिसतो, आणि कस्टमर केअरनं नेमकं याच मुद्द्याला बगल दिली आहे. सीझन पास तुमचा आहे, तो तुमच्या खात्यात कायम राहील, हे कंपनी नाकारणार नाही. पण मूळ गेमवर कुलूप असताना तो कुठे वापरणार? वाचनालयाच्या पुस्तकाला पदरचे पैसे घालून बांधणी करून द्यावी आणि वर्गणी संपल्यावर ‘बांधणी तुमचीच आहे हो’ असं ऐकावं, तशी ही स्थिती. पैसे घेताना कंपनीला ठाऊक होतं की या खात्यावर मूळ गेम मेंबरशिपचा आहे. तिच्या संगणकाला ते दिसत होतं. मग पैसे भरायच्या पानावर ‘मेंबरशिप संपल्यास हे वापरता येणार नाही’ अशी एक ओळ होती की नव्हती, यावर तुमचं प्रकरण ठरेल.

ग्राहक संरक्षण कायद्याचं कलम २(९) ग्राहकाला काय विकत घेतोय याची माहिती मिळण्याचा हक्क देतं. कलम २(११) मधल्या ‘त्रुटी’च्या व्याख्येत महत्त्वाची माहिती जाणूनबुजून दडवणंही येतं. तुमचा आधार ही दोन कलमं. मुलाला त्याच ॲड-ऑनचं पान आज पुन्हा उघडायला सांगा, खरेदी पूर्ण न करता शेवटच्या बटणापर्यंत जा, आणि वाटेतल्या प्रत्येक पानाचा तारीख दिसेल असा फोटो काढा. ‘मूळ गेम आवश्यक’ एवढंच लिहिलेलं सापडण्याची शक्यता आहे. कंपनी त्यावर बोट ठेवेल. तुमचं उत्तर : मूळ गेम आमच्याकडे होता, तुमच्याच लायब्ररीत दिसत होता, खरेदीची ई-मेलही तुम्हीच पाठवली होती, तो तात्पुरता आहे हे या पानावर का सांगितलं नाही? त्या शून्याच्या ई-मेल इथे मात्र कामाला येतात. पण खुलासा तिथेच ठळकपणे लिहिलेला आढळला, तर हा मुद्दा सोडून द्या. आणि पूर्ण रक्कम मिळेलच असं धरून चालू नका. मुलानं तो सीझन पास वर्षभर वापरला असेल तर आयोग तेवढा भाग वजा करू शकतो. म्हणून मागणी दुहेरी ठेवा : त्या दोन मूळ गेमचा कायमचा परवाना द्या, नाहीतर ॲड-ऑनचे पैसे परत करा. कंपनीला पहिलं स्वस्त पडतं, आणि तुमच्या मुलालाही तेच हवं असणार.

कार्डाबद्दल कंपनीला दोष देऊ नका. रिझर्व्ह बँकेच्या नियमांनुसार ऑक्टोबर २०२१ पासून अशा आवर्ती कपातीसाठी ग्राहकाची नोंदवलेली परवानगी लागते आणि कपातीच्या किमान २४ तास आधी सूचना यावी लागते. कार्ड बदललं की जुनी परवानगी नव्या कार्डावर येईलच असं धरता येत नाही. हे नियम तुमच्याच संरक्षणासाठी आहेत.

मुलगा अज्ञान आहे, सज्ञान नसलेल्याचा करार कायद्यानं शून्यवत, मग सगळे पैसे परत मागता येतील का, असं कुणीतरी तुम्हाला सुचवेल. कायद्याचं सूत्र बरोबर आहे, १९०३ पासून प्रिव्ही कौन्सिलच्या, म्हणजे ब्रिटिश काळातल्या सर्वोच्च अपील न्यायालयाच्या निकालानं पक्कं झालेलं. पण कार्ड तुमचं, संमती तुमची, तीन वर्षांचा वापर घरातला. तो मुद्दा काढलात तर विकत घेतलेल्या तीन गेमवरचा स्वतःचाच दावा कमजोर कराल. पैसे भरणाऱ्या ग्राहक तुम्ही आहात, तक्रार तुमच्याच नावानं करा.

त्या दुकानदाराला स्पष्ट नाही म्हणा. मी हे फार आग्रहानं सांगतेय, कारण यात सोळा वर्षांचं पोर गुंतलं आहे. हक्कभंगाच्या हेतूनं तांत्रिक कुलूप तोडणं हा कॉपीराइट कायद्याच्या कलम ६५अ खाली गुन्हा आहे, दोन वर्षांपर्यंत कैद आणि दंड. संगणकप्रणालीची बेकायदा प्रत माहीत असून वापरण्यासाठी कलम ६३ब वेगळं आहे, त्यात किमान सात दिवसांची कैद सांगितली आहे. आणि कंपनीनं असा कन्सोल पकडून खातं बंद केलं, तर आज ज्यावर तुमचा हक्क आहे ते तीन गेमही जातील. बँकेकडून जुने पैसे उलटे फिरवून घेण्याचा, म्हणजे चार्जबॅकचा मोहही टाळा. अशा वेळी कंपन्या बहुधा खातंच गोठवतात. नवं खातं उघडू नका. कन्सोल फॉरमॅट करू नका, मुलानं खेळून मिळवलेली प्रगती त्यात साठलेली आहे. एक्सबॉक्सवर ती क्लाउडवर मेंबरशिपशिवायही राहते. प्लेस्टेशनवर क्लाउडची साठवण हा मेंबरशिपचाच भाग आहे. मुलाची परीक्षा झाली असेल आणि त्याला फारच चुटपुट लागली असेल तर एका महिन्याची मेंबरशिप घ्या, वर्षाची नको. त्या महिन्यात सेव्ह फाइल (प्रगतीची नोंद) उतरवून घ्या, आणि जे एक-दोन गेम त्याला खरोखर हवेत ते सेलमध्ये विकत घ्या. मूळ गेम विकत घेतला की अडकलेला सीझन पास आपोआप चालू होतो. पण तक्रार करणार असाल तर कुलपांचे फोटो त्याआधी काढून ठेवा.

तक्रारीची सुरुवात कंपनीच्या तक्रार निवारण अधिकाऱ्यापासून करा, कस्टमर केअरच्या चॅटपासून नव्हे. २०२० च्या ई-कॉमर्स नियमांप्रमाणे या अधिकाऱ्याचं नाव आणि संपर्क कंपनीनं जाहीर करायचा असतो, ४८ तासांत पोच द्यायची आणि महिन्याभरात निवारण करायचं असतं. भारतातल्या ग्राहकांना नियमितपणे सेवा विकणाऱ्या परदेशी कंपन्यांनाही हे नियम लागू आहेत. ई-मेल छोटी ठेवा : कोणते गेम, कोणत्या तारखा, किती रुपये, काय मागणी. मेंबरशिपच्या गेमबद्दलचा राग त्यात आणू नका, त्यानं बाकीचा चांगला मुद्दा झाकला जातो. उत्तर आलं नाही किंवा उडवाउडवीचं आलं तर राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनला, १९१५ वर फोन करा. बरीच प्रकरणं तिथेच मिटतात.

नाहीच मिटलं तर हो, तुम्ही ग्राहक न्यायालयात जाऊ शकता, आणि त्यासाठी मुंबई-बंगळूर गाठायची गरज नाही. ग्राहक संरक्षण कायद्याच्या कलम ३४ प्रमाणे ग्राहक जिथे राहतो तिथल्या जिल्हा आयोगात तक्रार करता येते, म्हणजे तुमच्यासाठी कोल्हापूर. ई-जागृती पोर्टलवरून ती घरबसल्या दाखल होते. पाच लाखांपर्यंतच्या व्यवहाराला शुल्क नाही आणि वकील लावलाच पाहिजे असंही नाही. अटींमध्ये ‘वाद परदेशातल्या लवादापुढेच’ असं लिहिलेलं असेल तर घाबरू नका. लवादाचं कलम असलं तरी ग्राहक आयोगाचा मार्ग बंद होत नाही, हे सर्वोच्च न्यायालयानं एम्मार एमजीएफ विरुद्ध आफताब सिंग या प्रकरणात २०१८ मध्ये स्पष्ट केलं आहे. फोटो आणि ई-मेलच्या छापील प्रतींसोबत भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या कलम ६३ खालचं इलेक्ट्रॉनिक पुराव्याचं प्रमाणपत्र जोडा, म्हणजे पुराव्यावर वाद राहणार नाही.

आयोगात तक्रार करण्याची मुदत दोन वर्षांची आहे. ती कुलूप लागल्या दिवसापासून मोजावी असं आपण म्हणू शकतो, पण कंपनी प्रत्येक ॲड-ऑनच्या खरेदीच्या तारखेपासून मोजायला लावेल. छापलेल्या यादीतली सगळ्यात जुनी तारीख बघा. ती दोन वर्षांच्या जवळ आली असेल तर तक्रार निवारण अधिकाऱ्याला ई-मेल याच आठवड्यात जाऊ द्या, आणि मुदतीचे मोजकेच दिवस उरले असतील तर कंपनीच्या उत्तराची वाट न बघता तक्रार दाखल करून टाका.