कड्यावरची शिंदळ माकुडी घरी आणावी का?

प्रश्न : नमस्कार ताई. ऑगस्टअखेर शिवनेरीवर गेलो होतो. कड्यावर एक मांसल झुडूप लोंबत होतं, फांद्या बोटाएवढ्या जाड आणि त्यांना जांभळट-लाल, चांदणीसारखी फुलं. बरोबरचे काका म्हणाले, ही शिंदळ माकुडी, महाराष्ट्राबाहेर कुठेच होत नाही. हे खरं का? आणि तिची एखादी फांदी आणून कुंडीत लावली तर? तेवढीच एक तरी वाचेल. – एक वाचक, जुन्नर तालुका

उत्तर : काकांचं अगदी बरोबर आहे. ही वनस्पती फक्त आपल्या सह्याद्रीतली आणि इथेही मोजक्याच ठिकाणची. शिवनेरी, पुरंदरशेजारचा वज्रगड, रंधा धबधब्याचा परिसर, सज्जनगड, महाबळेश्वरकडचे काही कडे, अशी नावं घेतली की यादी बरीचशी संपत आली. १८६०च्या दशकात वनस्पतिशास्त्रज्ञ डाल्झेल यांनी तिचं शास्त्रीय वर्णन केलं आणि तेव्हाचे मुंबईचे गव्हर्नर बार्टल फ्रियर यांच्यावरून तिला ‘फ्रेरिया इंडिका’ हे नाव दिलं. हल्ली तिला वेगळ्या प्रजातीत घालतात, पण अभ्यासकांच्या तोंडी अजून फ्रेरियाच आहे.

पुढच्या वेळी दुर्बीण घेऊन जा. मी विद्यार्थ्यांना कड्याखाली उभं करून दुर्बिणीतूनच फूल दाखवत असे. जेमतेम दोन सेंटिमीटरचं फूल, पाच पाकळ्या, गर्द रंगावर पिवळे डाग आणि पाकळ्यांच्या कडेला बारीक लव. ही रुईच्या कुळातली. त्यामुळे हिचे पराग सुटे उडत नाहीत, ते इवल्या पिशव्यांत बांधलेले असतात. फुलावर आलेल्या माशीला ही पिशव्यांची जोडी चिमट्यासारखी अडकते आणि माशी दुसऱ्या फुलावर गेली, तिथल्या खाचेत ती जोडी नेमकी बसली, तरच शेंग धरते. रुईसारखंच रेशमी झुबक्यावर बी उडतं. पण उडून पडायचं कुठे? कातळाच्या ज्या कपारीत चिमूटभर माती आहे, पाणी साचत नाही आणि शेळीचं तोंड पोचत नाही, तिथेच ते रुजून टिकतं.

तिचं मला सगळ्यात आवडणारं वैशिष्ट्य वेगळंच आहे. हिच्या जवळच्या नातलगांना पानं असतात ती जेमतेम नावापुरती, हिला मात्र पावसाळ्यात चांगली हिरवी पानं येतात. ही पानं साध्या झाडांसारखी दिवसा हवा घेऊन अन्न तयार करतात. खोडाची रीत निराळी : ते रात्री हवा आत घेतं, आम्लाच्या रूपात साठवतं आणि दिवसा दारं बंद करून त्यावर काम चालवतं, म्हणजे उन्हात पाणी उडून जात नाही. पाऊस सरला की पानं गळतात आणि पुढचे कोरडे महिने खोड एकटं निभावतं. चार महिने धो धो पाऊस आणि मग तापलेला कातळ, अशा ठिकाणी याहून चांगली सोय कुठली असणार?

आता कुंडीबद्दल. फांदी लावली तर जगते, आणि सहज जगते. परदेशातल्या मांसल झाडांच्या शौकिनांकडे ती कित्येक वर्षं आहे. म्हणूनच तुमचा ‘तेवढीच वाचेल’ हा मुद्दा मला पटत नाही. कुंडीत ती वाचलेलीच आहे, धोका कड्यावर आहे. फांदीपासून केलेलं रोप म्हणजे त्याच झाडाची नक्कल. अशी शंभर रोपं केली तरी झाड एकच. कड्यावर बियांतून आलेलं प्रत्येक रोप मात्र थोडं वेगळं असतं आणि उद्या एखादा रोग आला किंवा पाऊसमान बदललं, तर त्या वेगळेपणावरच जातीचं टिकणं अवलंबून आहे. हात पोचेल अशी झाडं मुळात थोडी. तुमच्यामागून येणाऱ्या प्रत्येकाने एकेक फांदी मोडली, तर दोन-तीन पावसाळ्यांत तिथे फक्त कातळ उरेल. शिवाय राखीव जंगलातून रोप काढणं १९२७च्या भारतीय वन कायद्यानुसार गुन्हा आहे. हवीच असेल, तर वनस्पती उद्यानांत किंवा विद्यापीठांत वाढवलेल्या रोपांची चौकशी करा.

तुम्ही गावातलेच, म्हणून एक काम सांगते. उन्हाळ्यात डोंगरउतारावर गवत पेटवतात तेव्हा ती आग कड्याच्या पायथ्यापर्यंत जाऊ देऊ नका. उतारावरची, कडेकपारीच्या तोंडाशी असलेली रोपं आधी त्यातच जातात. यात्रेच्या, गिर्यारोहणाच्या मंडळींशी आणि वनरक्षकांशी बोलून पायथ्याशी जाळपट्टा, म्हणजे आग पुढे सरकू नये म्हणून गवत काढून मोकळी ठेवलेली पट्टी, काढून घेता आला, तर फारच उत्तम.

प्रश्न : फुलाचे फोटो समाजमाध्यमांवर टाकले तर चालतील ना? – तोच वाचक

उत्तर : जरूर टाका, लोकांना कळू दे. फक्त जागा सांगताना ‘जुन्नर परिसर’ एवढंच लिहा. कुठला बुरूज, कुठली वाट, ते लिहू नका आणि मोबाइलमधून फोटोबरोबर जाणारं ठिकाण आधी बंद करा.