बुडालेल्या पेशंटच्या एका केसवरून मेडिकल कोडिंग सोडायचं का?

तुझं पत्र वाचलं. मायक्रोबायोलॉजीत बीएस्सी झालीस, अमेरिकन चार्ट्सच्या कोडिंगचा, म्हणजे पेशंटच्या नोंदी वाचून त्यांना ठरलेले कोड देण्याचा, क्लास लावलास, आणि प्रॅक्टिसला एक केस आली: मच्छीमार, होडी उलटली, पाण्यातून बाहेर काढला, डॉक्टरांनी लिहिलंय अक्यूट रेस्पिरेटरी फेल्युअर विथ हायपॉक्सिया (श्वसन अचानक निकामी, ऑक्सिजन कमी). तू व्ही ९०.०२एक्सए (फिशिंग बोट उलटून बुडणं) पहिला टाकलास, मग टी ७५.१एक्सएक्सए (बुडण्याचे परिणाम), सरांनी पहिला खाली ढकलला, दुसरा सरळ खोडला, आणि आता तू म्हणतेस सत्तर हजार कोड कोण पाठ करणार, सोडूनच देते. वर बाबा म्हणतायत एआय हे काम खाणार.

आधी पाठांतराचं. कोणीच पाठ करत नाही ग. आयसीडी-१०-सीएमचं, म्हणजे या आजार-इजांच्या कोडचं, पुस्तक दर वर्षी १ ऑक्टोबरला बदलतं, पाठ करून उपयोग काय. सीपीसीच्या, म्हणजे कोडरच्या सर्टिफिकेटच्या, परीक्षेत १०० प्रश्न, ४ तास, पासिंग ७० टक्के, आणि कोडची पुस्तकं सोबत घेऊनच बसायचं असतं. तिथे बघतात तुला नेमकं पान पटकन सापडतं का आणि त्या पानावरच्या बारीक टिपा तू वाचतेस का. तुझा टी ७५.१ त्या टिपेनेच घालवला. तो कोड बुडण्याच्या 'अनस्पेसिफाइड' परिणामांसाठी आहे आणि त्याच्याखाली एक्सक्लूड्स-१ मधे (हा कोड कुठे वापरायचा नाही ते सांगणारी टीप) लिहिलंय की परिणाम माहीत असेल तर त्या परिणामाचाच कोड द्या. इथे डॉक्टरांनी परिणाम लिहून दिलाय, मग जे ९६.०१. हे तुझ्या डोक्याला न जमण्यासारखं आहे का? फक्त खाली नजर टाकायची सवय नव्हती.

आणि व्ही वाला कोड खाली का गेला, तर व्ही, डब्ल्यू, एक्स, वाय हे सगळे एक्स्टर्नल कॉजचे कोड, ते कधीच पहिल्या नंबरवर येत नाहीत. पहिलं पेशंटला काय झालंय ते, मग कसं झालं ते. गंमत म्हणजे तिथल्या राज्याचा किंवा पेयरचा (बिल भरणाऱ्या विमा कंपनीचा वगैरे) तसा नियम नसेल तर हे कोड देणं देशभर सक्तीचं पण नाही, त्यामुळे बरेच जण त्या चॅप्टरकडे नीट बघतच नाहीत, आणि मला वाटतं नवीन मुलांनी तिथेच हात साफ करावा कारण चार्ट कसा वाचायचा ते तिथे कळतं.

आता तुझीच केस घे. होडी उलटली म्हणून व्ही ९०.०, होडी बुडाली असती तर व्ही ९०.१. होडी ठणठणीत, माणूसच तोल जाऊन पडला, तर व्ही ९० नाहीच, व्ही ९२.० होतो, आणि लाटेने डेकवरून ओढून नेला तर व्ही ९२.२. पाचवा आकडा (व्ही धरून मोजायचं) होडी कुठली ते सांगतो, २ म्हणजे फिशिंग बोट, ३ म्हणजे जेट स्कीसारखं इंजिनवालं काहीतरी, ५ म्हणजे कनू किंवा कयाक. आणि चार्टमधे फक्त 'बोट' लिहिलं असेल तर? तर ९, अनस्पेसिफाइड. पेशंट मच्छीमार आहे म्हणून होडी फिशिंगचीच असणार असं आपण ठरवायचं नाही. लिहिलं असेल तरच. (पेटलेल्या वॉटर-स्कीने भाजल्याचा पण कोड आहे म्हणून हसलीस ना, सगळेच हसतात, पण बघ, तो याच चौकटीतला एक कप्पा आहे, कारण गुणिले वाहन असा तक्ता मांडला की असले कप्पे निघणारच.)

कोडच्या शेवटच्या ए वर पण जपून. ए म्हणजे पहिली व्हिजिट असं क्लासमधले अर्धे जण समजतात, तसं नाहीये. अॅक्टिव्ह ट्रीटमेंट चालू आहे तोवर ए, इमर्जन्सीतून आयसीयूत गेला तरी ए हाच, नंतर बरं होताना फॉलोअपला आला की डी, आणि मागे राहिलेल्या त्रासासाठी एस. पण जागेचा वाय ९२ आणि अॅक्टिव्हिटीचा वाय ९३ फक्त सुरुवातीच्या एन्काउंटरला एकदाच. मासे पकडणं हा त्याचा धंदा असेल तर वाय ९९.०, हौस असेल तर वाय ९९.८.

हे वाचताना कंटाळा आला की मजा वाटली? खरं सांग स्वतःला, कारण रोजचं काम हेच आहे, दिवसभर स्क्रीनसमोर, एकटीने, टार्गेट असतं, ऑडिट असतं आणि बऱ्याच ठिकाणी ९५ टक्के अॅक्युरसी मागतात. पेशंटशी बोलायची आवड असेल तर हे काम तुला वर्षभरात नकोसं होईल, मग लॅब किंवा क्लिनिकल रिसर्चकडे बघ. पण सरांनी का खोडलं हे तू मला दोन पानं भरून विचारलंयस, म्हणून मला वाटतं तुला हे जमेल.

बाबांचं म्हणणं अगदीच चूक नाही. सॉफ्टवेअर कोड सुचवतंच आजकाल, सरळसोट चार्ट्स त्याच्याकडे आधी जाणार. ज्यात एका नोटमधे 'उलटली' आणि दुसरीत 'पडला' असं लिहिलंय, तिथे कोणीतरी थांबून बघावं लागतं, गरज पडली तर डॉक्टरांना क्वेरी टाकावी लागते. म्हणून नुसतं एंट्री लेव्हलवर बसून राहू नकोस, इनपेशंट (अॅडमिट पेशंटचं) कोडिंग, ऑडिटिंग, डिनायल्स (नाकारलेली बिलं) या बाजूला सरकायचं आत्ताच ठरव.

सीपीसी पास झालीस तरी अनुभव नसेल तर नावापुढे सीपीसी-ए लागतं, ए म्हणजे अप्रेंटिस, ते बघून घाबरू नकोस, कामाचा अनुभव दाखवला की जातं. आणि क्लासची पुढची फी भरायच्या आधी विचार की खरे, नावं काढलेले चार्ट सोडवायला किती देणार आणि ते तपासणार कोण. 'जॉब गॅरंटी' म्हणाले तर ते लेखी माग.