गिओनमधल्या दोन बहिणींविषयी

चि. …,
अनेक आशीर्वाद.

तुझ्या कथेचा मसुदा दोनदा वाचला. १९३० च्या दशकातल्या क्योटोमधल्या दोन गेइशा (नृत्य-संगीताने पाहुण्यांचे मनोरंजन करणाऱ्या कलावंत) बहिणी, थोरली कर्तव्याला बांधलेली आणि धाकटी स्वातंत्र्यासाठी झगडणारी, अशी सरळ वाटणी तू केली आहेस आणि मला खटकते ती हीच. गिओनमध्ये, म्हणजे क्योटोतल्या गेइशांच्या वस्तीत, बहीणपण रक्ताचे असावे लागत नाही. माइको म्हणजे शिकाऊ गेइशा म्हणून पदार्पण करणारी मुलगी थोरल्या गेइकोसोबत (क्योटोत गेइशाला गेइको म्हणतात) तीन पेल्यांतून तीन-तीन घोट साके, म्हणजे तांदळाचे मद्य, घेते, बहुधा थोरलीच्या नावातले एक अक्षरही तिच्या नावात येते, आणि त्यानंतर धाकटीचे काही चुकले तर माफी मागायला थोरलीला जावे लागते. त्या माफीचा प्रसंग तुझ्या कथेत नाही. आधी तो लिही.

कर्तव्य मनात शोधण्याआधी हिशेबाच्या वहीत शोध. ओकियाची, म्हणजे गेइशा जिथे राहतात त्या घराची, मालकीण, जिला सगळ्याजणी ‘ओकासान’ म्हणजे आई म्हणतात, ती मुलीचे जेवणखाण, नृत्याची आणि शामिसेन या तीनतारी वाद्याची शिकवणी आणि किमोनो यांवर खर्च करते. मुलगी तो वर्षानुवर्षे फेडते. त्या काळी आईबापांनी घेतलेली उचलही त्यात असे. (ऊसतोडीमुळे हा शब्द तुला परका नाही.) १८७२ मध्ये सरकारने वेश्या आणि गेइशांना करारांतून मुक्त केले, तेव्हा न्यायखात्याने म्हटले की माणूसपणाचे हक्क गमावलेल्या या स्त्रिया गुराढोरांसारख्याच आहेत, आणि गुरांकडून कर्ज वसूल करता येत नाही. मुक्ती मिळाली ती अशा शब्दांत, आणि उचल पुढेही चालूच राहिली.

कर्ज फिटलेल्या गेइकोला ‘जिमाए’ म्हणतात, म्हणजे स्वतःच्या खर्चाने राहणारी. पण रेशमी किमोनोंचा खर्च एकटीला झेपणारा नसे, म्हणून अनेकींना ‘दान्ना’ म्हणजे आश्रयदाता लागे. धाकटी ओकियातून सुटली, तर तिचा पुढचा किमोनो कोण घेणार, हे तुला ठाऊक असलेच पाहिजे.

शेवट मात्र बदल. धाकटीचे रात्री पळून जाणे मला पटले नाही. व्यवसाय सोडणारी गेइको गुरूंना, बहिणींना आणि चहागृहांना भात पाठवते. नुसता पांढरा असेल तर ती परतणार नाही, त्यात थोडा लाल मिसळलेला असेल तर कदाचित परतेल. थोरली त्या डब्याचे झाकण उघडते तेव्हा तिला काय दिसते, ते ठरव आणि मग मला लिही.

तुझ्या लेखनाची वाट पाहत आहे.