'आता तरी अभ्यासाला लाग' म्हणण्याआधी

"पोरगं खोलीतनं बाहेरच येत नाही ओ मॅडम. गुडघा गेला ते गेला, निदान आता अभ्यास तरी करावा की नाही?"

कोल्हापूरच्या एका वडिलांचं हे पहिलं वाक्य. दुखापत झालेल्या खेळाडू मुलांचे आईवडील माझ्याकडे समुपदेशनासाठी थोड्याफार फरकाने हाच प्रश्न घेऊन येतात: थांबलाच आहे, तर खेळाचं खूळ याच निमित्ताने डोक्यातून काढावं का? नाव सांगत नाही, ओळखीच्या खुणाही बदलल्या आहेत.

मुलगा बी.कॉम.च्या दुसऱ्या वर्षाला. कॉलेजच्या फुटबॉल संघात होता आणि पेठेतल्या तालमीकडूनही खेळायचा, डाव्या बाजूने. बाहेरगावच्या वाचकांसाठी सांगते, कोल्हापुरात फुटबॉल तालमींचा, म्हणजे पेठापेठांतल्या तालीम मंडळांचा आहे. पाटाकडील, खंडोबा, दिलबहार, बालगोपाल या तालमींच्या नावाने संघ उतरतात आणि अटीतटीचा सामना असला की शाहू स्टेडियम हजारो माणसांनी भरतं. तिथे गोल मारलेल्या पोराकडून दुसऱ्या दिवशी चहावाला पैसे घेत नाही. वय असतं एकोणीस.

एका सामन्यात पळता पळता तो वळला. कुणाचा धक्का नव्हता, काही नव्हतं. गुडघ्यात 'कट्' असा आवाज आला आणि तो खाली बसला. एसीएल, म्हणजे गुडघा आतून धरून ठेवणारा अस्थिबंध, पूर्ण तुटला होता. शस्त्रक्रिया चांगली झाली. पण चार महिने होऊनही फिजिओकडे जायला टाळाटाळ करायचा, तालमीचे व्हॉट्सअ‍ॅप ग्रुप सोडले होते, आणि स्टेडियमचा रस्ता नको म्हणून कॉलेजला लांबच्या वळशाने जायचा.

पहिल्या भेटीत मी चुकले. त्याच्यापुढे वाटा मांडत बसले. पंच होता येतं, प्रशिक्षकाचा डी लायसन्स कोर्स करता येतो, सरकारी नोकरीत खेळाडूंना ५ टक्के आरक्षण आहे. त्याने सगळं शांतपणे ऐकलं आणि म्हणाला, "ते बरोबर हाय मॅडम. पण मी आता कोण हाय, सांगा की."

ज्या घरात दुखवटा आहे, तिथे तिसऱ्या दिवशी कुणी वाटणीचा विषय काढत नाही. मी तेच केलं होतं, आणि घरी वडील रोज तेच करत होते. या मुलाचा नुसता खेळ गेला नव्हता. पहाटे उठायचं कारण गेलं होतं, संध्याकाळचा कट्टा गेला होता, पेठेत ज्या नावाने हाका यायच्या ते नाव गेलं होतं. अशा वेळी 'बरं झालं, आता अभ्यास कर' हे वाक्य कितीही मायेने बोललं तरी त्याला त्यातलं 'बरं झालं' एवढंच ऐकू येतं.

पुढच्या वेळी वडिलांना एकट्यांना बोलावलं. बराच वेळ गप्प बसले. मग म्हणाले, "मी पण खेळलोय मॅडम. गुडघा सुजायचा, लेप लावून उतरायचो. खेळ सुटला, हातात काय राहिलं?" जिना चढताना ते एक पाय जपून टाकतात, हे मी पाहिलं होतं. मुलाला वाटायचं, ते गाडीवरून पडले असतील. मी एवढंच म्हटलं, "त्याला सल्ला देऊ नका. हे सांगा." त्यांनी सांगितलं. त्या रात्री दोघं उशिरापर्यंत बोलत बसले, असं त्याच्या आईकडून कळलं.

त्यानंतर तो नियमित फिजिओकडे जाऊ लागला आणि खरी भीती बाहेर आली: पाय टेकवून वळलो आणि पुन्हा तुटलं तर? ही भीती अगदी रास्त आहे. या शस्त्रक्रियेनंतर सामना खेळायला साधारण नऊ महिने तरी थांबावं लागतं, आणि नुसते महिने मोजूनही चालत नाही. दोन्ही मांड्यांची ताकद जवळपास सारखी झाली आहे का, एका पायावर उडी मारून नीट उतरता येतं का, हे फिजिओ तपासतात. पण गुडघा तयार झाला तरी मन कचरतं, आणि पुष्कळ खेळाडू तिथेच अडतात. म्हणून आम्ही पायऱ्या पाडल्या. आधी रिकाम्या स्टेडियमच्या गॅलरीत नुसतं बसून यायचं. मग बूट घालून मैदानाला चालत फेरी. मग, फिजिओने होकार दिल्यावर, भिंतीवर चेंडू. दर वेळी भीतीला दहापैकी गुण द्यायचे. गॅलरीत बसण्याला त्याने नऊ दिले होते, चेंडू मारण्याला सहा.

पालक हमखास अनिकेत जाधवचं नाव काढतात. कोल्हापूरचा हा मुलगा २०१७ च्या सतरा वर्षांखालील विश्वचषकात भारताकडून खेळला, अभिमान वाटायलाच हवा. पण तो लहान वयातच पुण्याच्या क्रीडा प्रबोधिनीत गेला होता. कॉलेजात पोचलेल्या मुलाला ती फूटपट्टी लावणं मला अन्यायाचं वाटतं. आणि आरक्षणाच्या भरवशावर पुस्तकं बाजूला ठेवणंही बरोबर नाही. त्यासाठी ठरावीक पातळीवरच्या स्पर्धेतली कामगिरी लागते, प्रमाणपत्रांची पडताळणी होते. या मुलाची प्रमाणपत्रं गादीखाली चुरगळून पडली होती. वडिलांनी ती एकेक सरळ करून फाइलला लावली.

आता दहावा महिना सुरू आहे. सामना अजून खेळलेला नाही. सकाळी तालमीतल्या लहान पोरांना पास द्यायला शिकवतो. एक विषय राहिलाय. त्याचा पेपर आणि फिजिओची पुढची तपासणी एकाच आठवड्यात आली आहे, आणि तपासणीला या वेळी वडील सोबत जाणार आहेत. स्वतःचाही गुडघा दाखवून घ्यायचा म्हणतात.