वाचकांचे प्रश्न : मूकपटातली राणी, तिचा अंबाडा आणि मुकुट

प्रश्न : कॉलेजच्या स्नेहसंमेलनासाठी मोबाइलवर दहा मिनिटांचा पौराणिक मूकपट करतोय. राणी मुलगाच होणार आहे. चाचणीत केसांचा टोप आणि मुकुट मागे घसरले, बेगडी मुकुट पांढराफटक आला, कुंकू पुसट झालं. वेणीतली अबोली जुन्या फिल्मवर कशी दिसली असती?
– एक विद्यार्थी, गिरगाव

उत्तर : प्रश्न गिरगावातून आला याचा विशेष आनंद वाटला. ३ मे १९१३ रोजी ‘राजा हरिश्चंद्र’ हा मूकपट तिथल्याच कॉरोनेशन चित्रपटगृहात लागला, आणि त्यातली तारामतीही पुरुषानेच, अण्णा साळुंके यांनी, केली होती.

आखूड केसांत आकडे धरत नाहीत, म्हणून टोप घसरतो. आधी डोक्याभोवती दोन बोटं रुंद सुती पट्टी घट्ट बांधा. टोप चढवून आकडे त्या पट्टीत खोचा. प्रत्येक ठिकाणी दोन, फुली करून. अंबाडा मानेवर नको, डोक्याच्या मागच्या फुगवट्यावर हवा, म्हणजे मुकुटाची मागची कड त्याला टेकते. मुकुटाचं माप टोप आणि अंबाडा बसवल्यावरच घ्यायचं. नुसत्या डोक्याचं घेतलं की मुकुट वर तरंगतो. पुठ्ठ्याचाच करा, आतून मखमलीची पट्टी लावा.

आता रंगांचं. हा भाग नीट समजून घ्या, सगळी शोभा त्यावर आहे. त्या काळच्या फिल्मला लाल रंग जवळजवळ दिसतच नसे. कुंकू काळं उमटे, निळं फिकट पडे, अबोलीसारखी केशरी फुलं केसांत बुडून जात. म्हणून वेणी मोगऱ्याची घ्या. संकलनात चित्र कृष्णधवल करताना रंगांचं प्रमाण बदलता येत असेल तर लाल शून्यावर आणा, हिरवा-निळा निम्मा-निम्मा ठेवा. नसेल जमत, तर सरळ काळी टिकली लावा. बेगड उजेड परतवते, म्हणून नक्षी हरवते. तिच्यावर पावडरचा हलका हात फिरवा. नक्षी रंगवू नका. जाड सुतळी चिकटवून वर कागद मढवा आणि सकाळच्या तिरप्या उन्हात चित्रण करा. सावली पडली की प्रत्येक वेल उठून दिसते.

प्रश्न : जुन्या चित्रांतली ती लगबग कशी आणायची?
– एक वाचक, दादर

उत्तर : कॅमेरा हाताने फिरवत, सेकंदाला साधारण १६ ते १८ चित्रं. तीच २४ च्या वेगाने दाखवली की माणसं धावतात. तुम्ही वेग दीडपट करा. मात्र मुकुटाचे लोंबते मोती बोटभरच ठेवा, लांब असले तर दीडपट वेगात ते नुसते थरथरतात आणि चेहरा झाकतात.