भाड्याच्या घरात वरून गळती होऊन पाणी साचलं. घरमालक म्हणतात ‘पुसून घ्या, वाळेल’. नक्की काय करावं?

तुम्ही लिहिलंय की वरच्या घरातला पाइप फुटला, तुम्ही दोन दिवस बाहेर होतात, आणि परत आलात तर बेडरूमभर पाणी, छताचा रंग फुग्यासारखा सुटलेला, कपाटाचे पाय भिजलेले. घरमालकांचं ते ‘पुसून घ्या, वाळेल’ वाचलं आणि उत्तर लिहायला बसले. मलाही अगदी हेच सांगितलं होतं, आणि मी ते खरं मानलं होतं.

माझ्याकडे सिंकखालची जोडनळी रात्री सुटली होती. सकाळी पाणी काढलं, फरशी पुसली, संध्याकाळपर्यंत सगळं कोरडं ठणठणीत दिसत होतं. चौथ्या दिवशी कपाट परत भिंतीला लावून टाकलं. तीन आठवड्यांनी खोलीत कुबट वास यायला लागला. आधी वाटलं, कुठेतरी उंदीर मेलाय. कपाट ओढून बघितलं तर मागची फळी गुडघ्यापर्यंत काळी, आणि तिच्या मागची भिंतही. कपाट मालकाचं. घर सोडताना डिपॉझिटमधून त्याचे पैसे कापले गेले, आणि माझ्याकडे दाखवायला एक फोटोही नव्हता.

फरशीवरचं पाणी दिसतं म्हणून आपण ते पुसतो. भिंतीत गेलेलं दिसत नाही. प्लास्टर, जिप्सम बोर्ड, प्लायवुड हे सगळे खालून पाणी वर ओढतात, दिव्याची वात तेल ओढते तसं. त्यामुळे पाणी बोटभर साचलं असलं तरी ओल वीतभर चढलेली असू शकते. भिजलेली वस्तू साधारण 24 ते 48 तासांत वाळली नाही तर तिच्यावर बुरशी धरायला लागते. तुमचे दोन दिवस आधीच गेलेत, म्हणून ‘बघू, आपोआप वाळेल’ हा पर्याय तुमच्यापुरता संपलाय.

आधी वीज. मेन स्विचपर्यंत कोरड्या पायाने जाता येत असेल तर त्या खोलीचा एमसीबी (बोर्डातला वीज तोडणारा छोटा खटका) पाडा. वाटेत पाणी असेल किंवा बोर्डच भिजला असेल तर हात लावू नका, इलेक्ट्रिशियनला बोलवा. छतातल्या दिव्यातून पाणी ठिबकलं असेल तर तो दिवा त्याने तपासल्याशिवाय लावायचा नाही. छतावरचा फुगा हा नुसता रंगाचा पदर असेल तर वीज बंद करून, खाली बादली ठेवून, बाजूला उभं राहून टोकदार वस्तूने बारीक भोक पाडा. पाणी बादलीत येईल. फॉल्स सीलिंगच खाली झुकलं असेल तर मात्र त्याच्याखाली जाऊच नका. भिजलेला बोर्ड फार जड होतो आणि सांगून पडत नाही.

मग काहीही हलवण्याआधी व्हिडिओ. दारापासून सुरुवात करून खोलीभर सावकाश फिरवा, पाण्याची पातळी, छत, प्रत्येक भिजलेली वस्तू दिसू द्या. त्यानंतर घरमालकांना फोन नाही, मेसेज किंवा ईमेल: अमुक तारखेला, अमुक वाजता हे आढळलं, वरून पाणी अजून येतंय की थांबलंय, प्लंबर कधी पाठवताय. फोनवर बोलणं झालंच तर ‘आत्ता आपलं असं बोलणं झालं’ एवढं लिहून पाठवा. भांडणाचा सूर नको, नुसती नोंद.

पाणी कुठून आलं हेही बघा. नळाच्या पाइपातलं स्वच्छ पाणी असेल तर बऱ्याच वस्तू वाचतात. संडासाच्या किंवा सांडपाण्याच्या नळीतून आलं असेल तर गादी, उशा, गालिचा यांचा मोह सोडा. हातमोजे, बूट घाला आणि मुलांना त्या खोलीपासून दूर ठेवा. आणि स्वच्छ पाणीही दोन दिवस साचून राहिलं की स्वच्छ राहत नाही.

पाणी काढताना नुसत्या फडक्यावर भिस्त ठेवू नका. एक चौरस मीटरवर एक मिलिमीटर पाणी म्हणजे एक लिटर. दहा बाय दहा फुटांच्या खोलीत सेंटिमीटरभर साचलं तर ते नव्वद लिटरच्या वर जातं. वायपरने एका जागी ओढा, केराच्या सुपलीने बादलीत भरा, फडकं शेवटी.

खरं काम इथून पुढे, आणि ते कंटाळवाणं आहे. सगळं सामान भिंतीपासून हातभर तरी दूर. कपाटाची दारं उघडी, खण बाहेर. फर्निचरच्या पायांखाली विटा किंवा लाकडाचे तुकडे. लॅमिनेट किंवा लाकडी फ्लोअरिंग असेल तर वरून कितीही पुसा, खाली पाणी अडकलेलं असतं. एखादी पट्टी काढून बघावी लागते, पण मालकाच्या लेखी होकारानंतरच. पंख्याचा झोत भिंतीवर समोरून मारण्यापेक्षा भिंतीला समांतर, खालून वाहू द्या. मात्र बुरशी आधीच दिसत असेल तर तिच्यावर पंखा लावू नका, तिचे कण घरभर उडतात.

खिडक्या उघडायच्या की नाही, यावर माझ्या घरात वाद झाला होता. बाहेरची हवा कोरडी असेल तर उघडा. पाऊस पडत असेल, हवा दमट असेल तर उघड्या खिडकीतून तुम्ही ओल आत बोलावताय. तेव्हा दारं-खिडक्या बंद करून एसी ‘ड्राय’वर किंवा भाड्याने आणलेला डिह्युमिडिफायर, म्हणजे हवेतली ओल ओढून घेणारं यंत्र, चालवा (अर्थात, वायरिंग तपासून झाल्यावर). हवेतली ओल मोजणारा साधा हायग्रोमीटर मिळाला तर खोलीतली आर्द्रता 60 टक्क्यांच्या खाली ठेवायची. 50च्या आसपास आली तर उत्तमच. नसेल तर डिह्युमिडिफायरच्या टाकीत रोज किती पाणी जमतं तेच बघा. पहिल्या दिवशी टाकी पुन्हापुन्हा रिकामी करावी लागते, मग प्रमाण उतरत जातं.

सामानाचं थोडक्यात. भरीव लाकूड सावकाश वाळवलं तर बहुतेक वाचतं. एमडीएफ आणि पार्टिकल बोर्ड (लाकडाचा भुसा दाबून केलेल्या फळ्या) एकदा फुगले की परत बसत नाहीत, त्यांच्यामागे वेळ घालवू नका. भिजलेली उपकरणं ‘चालतंय का बघू’ म्हणून लावून बघू नका. महत्त्वाची पुस्तकं, कागद लगेच वाळवता येत नसतील तर पिशवीत घालून फ्रीझरमध्ये ठेवा. ऐकायला विचित्र वाटतं, पण बुरशी थांबते आणि नंतर सवडीने वाळवता येतात. एकमेकांना चिकटलेले ओले फोटो ओढून सोडवू नका, स्वच्छ थंड पाण्यात ठेवले की सुटतात.

भिंतीवर पांढरं काही फुललं तर घाबरण्याआधी त्यावर थोडं पाणी शिंपडा. विरघळलं तर ते क्षार, नाही तर बहुधा बुरशी. फरशी-टाइल्सवरची थोडी बुरशी साबणाच्या पाण्याने घासून निघते. मास्क, हातमोजे घाला. ब्लीच वापरायचंच असेल तर ते व्हिनेगर, ॲसिड किंवा अमोनियाच्या क्लीनरबरोबर कधीही मिसळू नका, विषारी वायू होतो. प्लास्टर किंवा बोर्डावर ब्लीचने डाग फिका होतो, आतली बुरशी राहते. साधारण तीन बाय तीन फुटांपेक्षा जास्त पसरली असेल, किंवा घरात कुणाला दमा असेल, तर हे काम स्वतः करू नका.

पैशांचं म्हणाल तर सर्वसाधारणपणे इमारतीचे पाइप, भिंती, छत ही मालकाची बाजू. वरच्या घराशी काय ते त्यांनी बोलावं. तुमचं स्वतःचं सामान मात्र त्यांच्या विम्यात सहसा येत नाही, तुमचा वेगळा विमा असेल तर आजच कळवा. नियम जागोजागी वेगळे असतात, म्हणून भाडेकरार काढून दुरुस्तीचं कलम वाचा, आणि रागाच्या भरात भाडं थांबवू नका. त्याने तुमचीच बाजू लंगडी होते. डिह्युमिडिफायरचं भाडं, प्लंबर, धुलाई, सगळ्या पावत्या ठेवा. मालकाची वस्तू कितीही सडलेली दिसली तरी लेखी ‘हो’ आल्याशिवाय फेकू नका.

एक होईल, बघा. आठवड्याभरात मालक रंगारी पाठवतील. त्याला थांबवा. ओल्या भिंतीवर पुट्टी-रंग चढवला की काही महिन्यांत पोपडे येतात आणि तेव्हा दोष तुमच्या वापराचा ठरतो. भिंतीवर दीड फुटाचा चौकोनी प्लास्टिकचा तुकडा चारही बाजूंनी टेपने घट्ट चिकटवा आणि दुसऱ्या दिवशी काढा. आत थेंब दिसले किंवा तेवढी भिंत गडद झाली तर अजून ओल आहे. फोटो काढून मालकांना पाठवा आणि चार-पाच दिवसांनी पुन्हा लावा. माझ्या पुढच्या घरात असंच झालं तेव्हा हे पाच वेळा करावं लागलं, आणि तोवर कपाट खोलीच्या मधोमध उभं होतं.